मुक्काम पोस्ट इस्त्रीवाल्याचा खण

स्टुटगार्ट, रविवार, १८ जानेवारी २०२६

ती. आई आणि ती. बाबा यांस,

बाबा पत्र कट्ट्यावर मोठ्याने वाचतात आणि वाचताना ‘मी’ आलं की मंडळींचा घोटाळा होतो, असं आईने फोनवर सांगितलं. मागच्या पत्रातलं ‘माझी दाढ काढली’ हे वाक्य ऐकून अण्णा म्हणे बाबांना पेज प्यायचा सल्ला देत होते. म्हणून या खेपेचं पत्र वर्तमानपत्री थाटात. यात बाळू हा बाळू, सूनबाई ही सूनबाई आणि चिमी ही चिमी. तिघांपैकी कोण लिहितंय याची चौकशी अण्णांनी करू नये. मशीनमध्ये चादरी फिरताहेत, कुकर लागलाय, तेवढ्या वेळात होईल तेवढं.

मुख्य बातमी: पार्सल मिळालं. ‘मिळालं का रे?’ या फोनला आता सुट्टी द्यावी. दिवाळीचा फराळ संक्रांतीला पोचला. चकल्यांचा चुरा झाला, करंज्यांनी आपापलं सारण सोडलं, शंकरपाळे मात्र जसेच्या तसे. आईच्या शंकरपाळ्यांना काहीही होत नाही, हे बाबा लग्नाच्या पहिल्या दिवाळीपासून सांगत आलेत. आता त्याला आंतरराष्ट्रीय पुरावा मिळाला.

इतके दिवस डबा कुठे होता, तर याच शहरात. मालकाचा पत्ता लागत नव्हता.

त्याचं असं आहे की या देशात पत्त्यात खोली नंबर नसतो. रस्ता, इमारतीचा क्रमांक, पिनकोड, गाव, संपला पत्ता. ‘गणपती मंदिरासमोर, पिठाच्या गिरणीमागे’ असलं काही लिहिलं तर लोक आपल्याकडे ‘पत्ता सांगताय की प्रार्थना करताय’ अशा नजरेने बघतात. मग दहा-बारा बिऱ्हाडांच्या इमारतीत पोस्टमनने माणूस ओळखायचा कसा? तर खालच्या टपालपेटीवरच्या नावावरून. बेलवर आडनाव, पेटीवर आडनाव. ते असेल तर तुम्ही आहात. नसेल तर तुम्ही वरच्या मजल्यावर खिडकीत उभं राहून हात हलवत असलात, तरी ‘या पत्त्यावर शोध लागत नाही’ असा शेरा मारून पत्र आल्या वाटेने परत जातं.

बाळूचं बिऱ्हाड सध्या ज्या घरात आहे, ते एका प्राध्यापकाचं. तो बाहेरगावी गेलाय, त्याची पुस्तकं, त्याचे पडदे, त्याची झाडं आणि पेटीवर त्याचंच नाव. दुसरं चिकटवायला मनाई. म्हणजे जकात कार्यालयाने ‘तुमचं पार्सल येऊन पडलंय, घेऊन जा’ असं पत्र बाळूच्या नावाने धाडलं, ते परत गेलं. पुढचं धाडलं तेव्हा त्यावर ‘केअर ऑफ प्राध्यापक’ लिहिलेलं होतं, म्हणून सापडलं. ‘मुलगा एवढा इंजिनिअर झाला आणि अजून केअर ऑफ?’ असं मोठे काका म्हणणार, ते इकडे ऐकू आलं. (काकांचं असं झालंय की जूनमध्ये विक्रोळीचा पूल सुरू झाला आणि पार्कसाइटवरून न येण्याची त्यांची सबबच गेली. आता रोज येतात, आईच्या हातचा चहा पितात आणि टीका करून जातात. पुलाचे तोटेही असतात.)

नियमाची गंमत इथे संपत नाही. घरात राहायला आल्यापासून दोन आठवड्यांच्या आत नगर कार्यालयात नाव नोंदवावं लागतं. नाही नोंदवलं तर हजार युरोपर्यंत दंड होऊ शकतो. नोंदणीसाठी घरमालकाचं ‘हो, ही माणसं माझ्याकडे राहतात’ असं लेखी पत्र लागतं. ही सक्ती नोव्हेंबर २०१५ पासूनची. पहिल्यांदा नोंदणी झाली की अकरा आकडी कर क्रमांक येतो, जन्मभर एकच. तो बॉनच्या कार्यालयातून पोस्टानेच येतो. फोनवर सांगत नाहीत, ई-मेलने धाडत नाहीत. तो कंपनीला दिला नाही की पगारातून कर कापला जातो तो सहाव्या वर्गाने, आणि इथल्या कराच्या वर्गांत सहावा म्हणजे सर्वांत खोल खड्डा. थोडक्यात घर मिळायला पगाराच्या पावत्या लागतात, पगाराला बँक लागते, बँकेचा पिन पोस्टाने येतो, पोस्टाला पेटीवर नाव लागतं आणि पेटीवर नाव लावायला घर लागतं. बाळूने हे सगळं कागदावर काढून सूनबाईला दाखवलं. ती म्हणाली, याला एक शेपूट लावलं की मारुतीही निघेल.

कायमचा पत्ता नसलेल्या माणसाला अचूक शोधून काढणाऱ्या दोनच गोष्टी या शहरात आहेत. पहिली, रेडिओ-टीव्हीच्या वर्गणीचं पत्र. घरटी महिना १८.३६ युरो, टीव्ही असो वा नसो. म्हणजे दोन हजाराच्या आसपास रुपये, आणि बाळूच्या घरात टीव्ही नाही. नगर कार्यालयात नोंद झाली की माहिती आपोआप तिकडे जाते आणि ते पत्र कुठल्याही पेटीत, कुठल्याही नावाखाली, बिनचूक येऊन पडतं. दुसरी गोष्ट म्हणजे केरवोखे. ही स्टुटगार्टची खास देणगी: जिना आणि इमारतीपुढचा फुटपाथ झाडायची आठवड्याची पाळी. महापालिकेने तिची कायद्याची सक्ती १९८८ मध्ये काढून टाकली, पण भाडेकरारातून ती जिवंत आहे. पाळी आली की दाराच्या मुठीला पाटी अडकते. पेटीला बाळू ठाऊक नाही, पण झाडूला ठाऊक आहे. मागच्या शनिवारी बर्फात फुटपाथ झाडताना समोरून पोस्टमन आला, त्याने ‘सुप्रभात’ केलं, बाळूच्या नावाचं पत्र हातात असेल-नसेल, आणि पेटीत काहीही न टाकता निघून गेला.

बाबा, तुम्हाला आवडेल अशी एक हकिकत. २०१८ मध्ये युरोपात माहितीच्या गोपनीयतेचा नवा कायदा आला. तेव्हा व्हिएन्नात एका भाडेकरूने तक्रार केली की बेलवर नाव लावणं म्हणजे माझी खासगी माहिती चव्हाट्यावर मांडणं. महापालिकेने मनावर घेतलं आणि आपल्या मालकीच्या जवळपास २ लाख २० हजार घरांच्या बेलवरची नावं काढून नंबर लावायचं ठरवलं. ते ऐकून जर्मनीत घबराट उडाली, की आपल्याही पाट्या जाणार! नाही गेल्या. पण आपल्या म्हाडाच्या चाळवजा इमारतीत ही तक्रार कोणी केली असती तर? पोस्टमन खालूनच ‘स्पीड पोस्ट आलंय, सही करायला या’ म्हणून नाव घेऊन ओरडायचा, आणि पत्र कोणाचं, कुठून आणि साधारण किती रकमेचं, हे चौथ्या मजल्यापर्यंत कळायचं.

आता तिकडच्या बातम्यांना उत्तरं.

ताईने चुगली केलीय की बाबा रोज संध्याकाळी टागोर नगरच्या भाड्याच्या खोलीतून निघून कन्नमवार नगरात जातात, आपल्या पाडलेल्या इमारतीच्या पत्र्यांसमोर इस्त्रीवाल्याच्या बाकावर बसतात आणि ‘टपाल बघायला गेलो होतो’ म्हणून सांगतात. आईला वाटतं, माणूस झुरतोय. बाळूचं मत वेगळं आहे: बाबा जातात ते योग्यच. इमारत गेली, बिल्डर भाडं देतो, नवा टॉवर कधी उभा राहील ते विघ्नहर्त्याला ठाऊक. पण आधारवर, पासबुकावर, पेन्शनच्या कागदावर पत्ता अजून जुनाच आहे. साऱ्या इमारतीचं टपाल पोस्टमन इस्त्रीवाल्याच्या लाकडी खणात ठेवतो आणि तो खण कोळशाच्या इस्त्रीइतक्याच काळजीने सांभाळला जातो. अशा सोयीला साहेबाच्या देशात ‘पोस्ट रेस्टांट’ असं भारदस्त नाव आहे. लंडनचा बंड्या सांगत होता, तिथे पाकिटावर तेवढं लिहून पोस्टऑफिसचा पत्ता घातला की देशातलं पत्र दोन आठवडे आणि परदेशातलं महिनाभर राखून ठेवतात. ओळखपत्र दाखवून घेऊन जायचं. इस्त्रीवाला ओळखपत्र मागत नाही आणि दोन आठवड्यांची मुदतही घालत नाही. अण्णांचं विम्याचं पत्र गणपतीपासून त्या खणात आहे, हे बाबांनीच सांगितलं होतं.

रजिस्टर पोस्ट बंद झाल्याचं दुःख इकडेही झालं. २०२५ मध्ये ते स्पीड पोस्टात विलीन केलं. बाबांनी आयुष्यभर ‘रजिस्टर एडी पाठवीन!’ या एका वाक्यावर सोसायटीचे तीन सचिव, एक गॅसवाला आणि खुद्द मोठे काका यांना वठणीवर आणलं. ‘स्पीड पोस्ट पाठवीन’ म्हटल्यावर कोण घाबरणार? आता बिल्डरशी भांडायचं तर दुसरं हत्यार शोधायला हवं.

डिजिपिनबद्दल बाबांनी विचारलं होतं. तर ते असं. टपाल खात्याने आयआयटी हैदराबाद आणि इस्रोच्या दूरसंवेदन केंद्राला बरोबर घेऊन देशभर साधारण चार मीटर बाय चार मीटरच्या चौकटी आखल्या, प्रत्येक चौकटीला दहा अक्षर-अंकांचा क्रमांक दिला आणि २०२५ च्या मे महिन्यात ते लोकांपुढे ठेवलं. चार गुणिले चार म्हणजे सोळा चौरस मीटर, सुमारे १७२ चौरस फूट. आपली जुनी खोली, मोरी वगळली तर, जवळजवळ एका डिजिपिनात बसायची. पण यात उंची धरलेली नाही. म्हणजे उद्या टॉवर झाला की खालच्या पार्किंगपासून गच्चीतल्या टाकीपर्यंत एकावर एक असलेल्या सगळ्या बिऱ्हाडांचा डिजिपिन एकच. आणि आज तो काढलात तर बरोब्बर पायाच्या खड्ड्यातल्या पाण्यात निघेल. तेव्हा आपला सहा आकडी ४०० ०८३ काय वाईट आहे? १५ ऑगस्ट १९७२ ला पिनकोड देशाला मिळाला तो श्रीराम भिकाजी वेलणकरांमुळे, मराठी माणूस आणि वर संस्कृतातला कवी-नाटककार. पाहुण्यांना ‘महाराष्ट्राचे दुसरे मुख्यमंत्री कोण?’ हे कोडं घालून आपल्या कन्नमवारांचं नाव कोणाला येत नाही म्हणून बाबा जसे खूश होतात, तसं दुसरं कोडं आता वेलणकरांवर घालावं.

महापालिकेची निवडणूक तब्बल २०१७ नंतर झाली आणि गुरुवारी तुम्ही दोघं मतदान करून आलात, फोटो पाहिला. आईची साडी नवी दिसते, ती कोणत्या पक्षाची? यादीत नाव पाडलेल्या इमारतीच्या पत्त्यावर आहे म्हणून आईला भीती वाटत होती, की पत्ता नाही तर मत कसलं. तर आईला सांगा, ज्याला मुळीच घर नाही त्यालाही मत आहे. निवडणूक आयोगाच्या सूचनेप्रमाणे फुटपाथवर राहणाऱ्याने अर्जात जी जागा लिहिली असेल, तिथे त्यांचा अधिकारी रात्री जाऊन तो माणूस खरंच तिथे झोपतो का ते बघतो. पुराव्याचा कागद लागत नाही, झोपलेला माणूस लागतो. बाबांच्या बाबतीत अधिकाऱ्याला घोरणं ऐकून टागोर नगरातली इमारत खालूनच ओळखता येईल.

मालतीकाकूंना कळवा की रडू नका. त्यांच्या पप्याने अमेरिकेत नोकरी सोडली आणि तो अ‍ॅपलाचियन डोंगरवाट चालायला निघाला हे खरं. ती वाट जॉर्जियापासून मेनपर्यंत, सुमारे साडेतीन हजार किलोमीटर आहे हेही खरं. पण ‘त्याचा पत्ताच नाही’ हे खोटं. तिकडे वाटेतल्या गावच्या पोस्टात ‘जनरल डिलिव्हरी’ म्हणून नाव लिहून पार्सल धाडायचं, ते तीस दिवसांपर्यंत ठेवून घेतात. चालणारी मंडळी मोजे आणि खाऊ असाच मागवतात. काकूंनी मेथीचे लाडू करायला घ्यावेत. लग्नाचा विषय पाकिटात घालू नये.

पार्सल सोडवायचा प्रसंग राहिला. इथल्या जकात कार्यालयात डबा आपल्यालाच अधिकाऱ्यासमोर फोडावा लागतो. बाबांनी पोस्टातल्या फॉर्मवर किमतीच्या रकान्यात ‘अमूल्य’ लिहिलं होतं आणि खिडकीवरच्या बाईने ते खोडून नऊशे रुपये केले, म्हणून आई अजून तिच्यावर रागावलेली आहे. आईने त्या बाईला तिळगूळ द्यावा. घरच्यांनी घरच्यांना पाठवलेली भेट ४५ युरोंच्या आत असेल तर जकात नाही. ‘अमूल्य’ राहिलं असतं तर बाळूला हप्ते बांधून घ्यावे लागले असते. अधिकारी सज्जन होता. भाजणीची पिशवी त्याने नाकाजवळ नेली, थबकला, पुन्हा नेली. हे काय, म्हणाला. सूनबाईने तांदूळ, हरभरा, उडीद, धणे, जिरे असा पाठ म्हणून दाखवला. त्याने ते लिहूनच घेतलं. कार्यालयासाठी की घरासाठी, कळलं नाही. चकलीच्या चुऱ्याला हरकत नव्हती. पण आईने ‘केसांचे तेल’ अशी चिठ्ठी लावून पाठवलेली बाटली उघडल्याबरोबर सगळ्या खोलीला कळलं की हे साजूक तूप आहे. युरोपच्या बाहेरून टपालाने दूध-दुभतं आणि मांस आणायला बंदी आहे. बाटली त्यांनी ठेवून घेतली. बाळू परतताना ट्राममध्ये एक शब्द बोलला नाही.

घरी आल्यावर चिमी चकल्यांवर पडली आणि सूनबाई कागदांवर. डब्यात कोंबलेली वर्तमानपत्राची पानं तिने एकेक उलगडली, हाताने सुरकुत्या काढल्या आणि तेलाच्या डागांसकट वाचत बसली. ऑक्टोबरातलं भविष्य, दोन श्रद्धांजल्या, पितळी भांड्यांवर सूट, आणि एस विभागात अमुक दिवशी पाणीपुरवठा बंद. ते वाचून ती उठली आणि मोरीकडे, म्हणजे न्हाणीघराकडे, दोन पावलं गेलीसुद्धा. मग हसायला लागली, आणि मग ते हसणं बराच वेळ थांबेना, तेव्हा बाळूने चहा टाकला. चिमीला यातलं काही कळलं नाही. ती हल्ली फोनवरच्या नकाशात आजीचं घर बघते. उपग्रहाच्या फोटोत आपली इमारत अजून उभी आहे, गच्चीवर निळी ताडपत्रीसुद्धा आहे. चिमीला तो फोटो जुना असल्याचं अजून कोणी सांगितलेलं नाही. बाबांनीही सांगू नये.

अशा वेळी बाबांच्या वडिलांची आठवण निघते. आज १८ जानेवारी, गिरणी संपाची तारीख. १९८२ मध्ये याच दिवशी सुरू झाला, तेव्हा कट्ट्यावर विषय निघेलच. आजोबा लालबागला गावमंडळाच्या खोलीत राहायचे. पाळ्यांप्रमाणे झोपणारी माणसं, भिंतीला लागून प्रत्येकाची ट्रंक, आणि साऱ्या गावाला एकच पत्ता. पत्र आलं की जो जागा असेल तो मोठ्याने वाचायचा, ज्याचं असेल तो कामावरून आला की पुन्हा वाचायचा. आजीची पत्रं शेजारच्या मास्तरांनी लिहिलेली, त्यामुळे प्रेमाचा मजकूर त्यात नसायचा. म्हैस गाभण आहे एवढं असायचं. मनीऑर्डर मात्र बिनचूक पोचायची. बाबांच्या मोठ्याने वाचण्याची खोड त्या खोलीतूनच आली असणार.

टपालाचा खर्च ऐकून घ्या आणि मग बसा. या पाकिटाला १.२५ युरोचं तिकीट लागतं, तेही वीस ग्रॅमच्या आत असलं तर. म्हणजे सव्वाशेच्या वर रुपये. त्यात विक्रोळीच्या पोस्टात पन्नास पैशांची अडीचशे पोस्टकार्डं येतात. म्हणून सूनबाईने हे पत्र पातळ कागदावर, दोन्ही बाजूंनी आणि समासातसुद्धा लिहायला लावलं. तरी हा देश बरा. शेजारच्या डेन्मार्कने १६२४ पासून चालत आलेलं पत्रं वाटायचं सरकारी काम गेल्या ३० डिसेंबरला बंद केलं, लाल पेट्या उचलल्या. तिथे आता पत्र पाठवायचं तर खासगी कंपनीकडे जायचं. मोठ्या काकांना हे सांगू नका, ते म्हणतील आधीच सांगितलं होतं.

चादरी झाल्या. मशीन किंचाळतंय.

आता कामाचं. मार्चपासून नवं घर मिळालंय, तिथल्या मालकीणबाई पेटीवर नाव लावू देतात. पण पट्टी केवढीशी. तिच्यात दोन आडनावं जेमतेम मावतात. सूनबाईच्या पासपोर्टवर माहेरचं आडनाव, चिमीच्या नावापुढे बाळूचं पूर्ण नाव, आणि बाळूच्या पासपोर्टवर बाबांचं नाव मधोमध. बाबांचं नाव गाळलं तर बँकेची पत्रं परत जातील की काय ते कळत नाही, ठेवलं तर सूनबाईचं आडनाव पट्टीबाहेर जातं. चिमीने तोडगा काढलाय: नुसतं ‘चिमी’ लिहा, बाकी सगळे केअर ऑफ. आईने आणि बाबांनी आपसात न भांडता काय ते ठरवावं आणि फोनवर कळवावं.

सर्वांना नमस्कार, इस्त्रीवाल्यालाही.

तुमचे,
बाळू, सूनबाई, चिमी

ता. क. पुढच्या पार्सलात तूप नको. भाजणी दुप्पट पाठवावी, तो अधिकारी विचारत होता.